तुम्ही विचारलंत म्हणून: ती हिरवी पिशवी कुजते का?

पर्यावरणपूरक वस्तूंवर कुठेही बोलले की ओल्या कचऱ्याच्या हिरव्या "कंपोस्टेबल", म्हणजे कुजून खत होणाऱ्या, पिशवीबद्दल शेवटी हाच प्रश्न येतो, आणि पुढची अटही ठरलेली: "फार शास्त्र नको, हो की नाही एवढंच सांगा." मी "हो, पण" म्हटलं की चेहरे उतरतात. शास्त्रवाले सरळ बोलतच नाहीत, असंही ऐकवलं जातं. म्हणून तो "पण" आज पूर्ण लिहून काढते.

ओल्या कचऱ्यासाठी मिळणारी कंपोस्टेबल पिशवी बहुधा पीबीएटी या जिवाणूंना खाता येणाऱ्या मऊ प्लास्टिकमध्ये पीएलए (पिकांच्या साखरेपासून केलेलं प्लास्टिक) किंवा स्टार्च मिसळून केलेली असते. तिच्यासाठी आयएस/आयएसओ 17088 हे मानक आहे. कंपोस्टमध्ये 12 आठवडे ठेवल्यावर 2 मिलिमीटरच्या चाळणीवर मूळ कोरड्या वजनाच्या 10 टक्क्यांहून जास्त तुकडे उरता कामा नयेत. शिवाय तिच्यात जेवढा कार्बन असतो, त्यातला 90 टक्के 180 दिवसांच्या आत कार्बन डायऑक्साइड वायू होऊन निघून जायला हवा. ही दुसरी चाचणी 58 अंश सेल्सिअसला होते. पिशवीवर हा आकडा ठळक कुठेच दिसत नाही, आणि माझ्या मते सगळा घोळ तिथेच आहे. पीएलए साधारण 55 ते 60 अंशांच्या खाली ताठ राहतं. त्याच्या लांब साखळ्या आधी पाण्याने तुटाव्या लागतात, त्यानंतरच जिवाणू त्या खाऊ शकतात. थंड ढिगात हे तुटणं फारच संथ चालतं. बाल्कनीतल्या कुंडीत तर ऊब धरतच नाही, कारण त्यासाठी साधारण एक घनमीटरचा ढीग लागतो.

एका सोसायटीत काय झालं ते सविस्तर सांगते. विटांचे हौद, दीड महिन्याने खत काढायची पद्धत, आणि घरोघर वाटलेल्या कंपोस्टेबल पिशव्या. पिशव्या बनावट नव्हत्या, प्रमाणपत्र क्रमांक छापलेला होता. खत चाळायला घेतलं तर जाळीवर हिरव्या चिंध्याच चिंध्या. सफाईच्या मावशी त्या हाताने वेचत बसल्या. गाठ मारून टाकलेल्या काही पिशव्या तर जशाच्या तशा निघाल्या. फोडल्यावर आत आंबट वासाचा काळा चिखल. गाठीमुळे आत हवा नव्हती, म्हणून कचरा कुजण्याऐवजी आंबला आणि तापला नाही. हौदात कार्बन पुरवणारी सुकी पानं जवळपास नव्हतीच. नुसत्या खरकट्यात नायट्रोजन आणि पाणी जास्त. कार्बनचं प्रमाण नायट्रोजनच्या 25 ते 30 पट आणि ओलावा 50 ते 60 टक्के असेल तर ढीग नीट तापतो. त्यात 12 आठवड्यांचं काम 6 आठवड्यांत उपसलेलं. यातलं प्रत्येक कारण दुरुस्त करता येण्यासारखं होतं. पण सोसायटीच्या बैठकीत एकच वाक्य टिकलं: "एवढं वेगळं करून शेवटी प्लास्टिकच निघतं ना?" आणि ओला-सुका वेगळा करणंच थांबलं. मला त्या चिंध्यांपेक्षा हे जास्त लागलं.

इथे पूर्वीची मी मध्ये बोलते: लोकांना एक सोपं वाक्य द्या, बारकावे नंतर. त्यावर मी तिला तो हौद दाखवते. सोप्या वाक्यातून 58 अंश आणि 12 आठवडे गळले, की असं होतं. ती म्हणते, आकडे ऐकून लोक कंटाळतात आणि पुन्हा साधी काळी पिशवी घेतात. तेही होताना पाहिलंय. हा वाद मिटलेला नाही.

दुसरा नेहमीचा प्रश्न: खरी पिशवी ओळखायची कशी? पिशवीवर "कंपोस्टेबल" हा शब्द, उत्पादकाचं नाव आणि प्रमाणपत्र क्रमांक पाहा. नुसतं "इको-फ्रेंडली" किंवा हिरवं पान म्हणजे काहीच नाही. घरी करण्यासारखी एक चाचणीही आहे. दोन सेंटिमीटरचा तुकडा कापा, पाण्यात भांडी घासायच्या साबणाचा एक थेंब घाला म्हणजे हवेचे बुडबुडे चिकटणार नाहीत, आणि तुकडा तळाशी दाबून सोडा. साध्या पॉलिथिनची घनता पाण्याहून कमी, पीएलएची सुमारे 1.24. तुकडा वर आला तर पिशवीत बहुतांश पॉलिथिनच असणार. पण बुडाला म्हणून खुश होऊ नका. पुरेशी चुनखडीची भुकटी मिसळलेलं पॉलिथिनही बुडतं. लोकांसमोर हा प्रयोग करणाऱ्यांनी ही दुसरी बाजू गाळू नये, ही माझी कळकळीची विनंती आहे.

तर, पिशवी घेण्याआधी तुमचा ओला कचरा जिथे जातो तिथे दोनच गोष्टी विचारा: ढिगाचं तापमान मोजता का, आणि चाळण्याआधी किती आठवडे ठेवता? मोजत असतील आणि 12 आठवडे ठेवत असतील, तर पिशवी घ्या, पण गाठ न मारता टाका. नाहीतर बादलीत वर्तमानपत्र घाला आणि कचरा थेट हौदात उलटा, वर तेवढीच सुकी पानं. तीच हिरवी पिशवी सुक्या कचऱ्यात मात्र टाकू नका, ती पॉलिथिनच्या पुनर्वापराचा माल बिघडवते. मग टाकायची कुठे, असं विचाराल. तिच्यासाठी वेगळी सोय नसलेल्या गावात याचं चांगलं उत्तर माझ्याकडे नाही.