बॅसिलस: काडीकिडा की जिवाणू? दोन याद्या एक करताना आलेला अनुभव

बेळगाव भागातल्या एका महाविद्यालयाच्या दोन नोंदवह्या एकत्र करायच्या होत्या. एक सूक्ष्मजीवशास्त्राची: मातीतून, उसाच्या मुळांतून, कोबीच्या वाफ्यातून वेगळ्या करून वाढवलेल्या जिवाणूंची, म्हणजे कल्चरची. दुसरी कीटकांची: पिनेवर टोचलेले पतंग, भुंगेरे आणि सत्तर टक्के अल्कोहोलमधल्या बाटल्या. दोन्ही मिळून एकच एक्सेल फाइल करायची, नावं तपासायची आणि जागतिक विदागारात (डेटाबेसमध्ये) चढतील अशा रूपात द्यायची, एवढंच काम. आठवड्याभरात उरकेल असं वाटलं होतं. महिना लागला, आणि त्यातला निम्मा वेळ एकट्या 'बॅसिलस'ने खाल्ला.

घोळ पहिल्यांदा दिसला तो असा. कुळाचा रकाना व्हीलुकअपने, म्हणजे संदर्भयादीतून जुळणारी नोंद उचलून आणणाऱ्या एक्सेलच्या सूत्राने, भरून घेतला आणि खानापूरच्या जंगलातल्या काडीकिड्यासमोर 'बॅसिलेसी' येऊन बसलं. वीतभर लांबीचा, सहा पायांचा प्राणी जिवाणूंच्या कुळात. सूत्र चुकलं नव्हतं. व्हीलुकअप यादीत वरून खाली येतं आणि पहिलं जुळणारं नाव सापडलं की थांबतं; दुसरं तसंच नाव खाली आहे का हे ते बघतच नाही. संदर्भयादीत जिवाणू वर होता, किडा खाली.

नाव मात्र दोघांचंही खरंच बॅसिलस आहे. लॅटिनमध्ये 'बॅसिलम' म्हणजे छोटी काठी. कीटकशास्त्रज्ञांनी काडीसारख्या किड्याला हे नाव एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धातच देऊन टाकलं होतं. १८७२ मध्ये फर्डिनांड कोन यांनी सूक्ष्मदर्शकाखाली काड्यांसारख्या दिसणाऱ्या जिवाणूंना तेच दिलं. आपल्याकडेही वेगळं काही नाही. मराठीत काडीकिडा, कन्नडमध्ये कड्डीहुळ. ज्याला ज्याला तो दिसला त्याला काडीच आठवली.

अशी जुळी नावं बेकायदा नसतात, हे आधी नीट समजून घ्यावं लागलं, कारण आमची पहिली प्रतिक्रिया 'यातलं एक रद्द झालेलं असणार' अशी होती. प्राण्यांच्या नावांची संहिता, म्हणजे नावं देण्याचे नियम, वेगळी, जिवाणूंची वेगळी आणि वनस्पती-शैवाल-बुरशींची तिसरी. प्राण्यांची गणना १ जानेवारी १७५८ पासून, वनस्पतींची १ मे १७५३ पासून, तर जिवाणूंनी पाटी पुसून १ जानेवारी १९८० च्या मान्य सूचीपासून नवी सुरुवात केली. प्राणिसंहिता स्पष्ट म्हणते की जे कधीच प्राणी मानलं गेलं नाही त्याचं नाव तेच असलं तरी ते समनाम, म्हणजे टक्कर देणारं सारखं नाव, धरायचं नाही. म्हणजे एकाच संहितेच्या आत दोन जीनसना (जीनस म्हणजे जवळच्या जातींचा गट, नावातला पहिला शब्द) एक नाव चालत नाही. कुंपणापलीकडे कुणाचं काय नाव आहे त्याच्याशी देणंघेणं नाही. जिवाणूंच्या संहितेत पुढे दुरुस्ती होऊन नवं नाव देताना प्राणी-वनस्पतींकडेही बघा असं आलं, पण ते मागच्या नावांना लागू नाही. त्यामुळे जुनी जुळी तशीच राहिली.

जिवाणूंच्या कुंपणाच्या आत मात्र बुरशी, शैवाल, प्रोटोझोआ आणि विषाणूही धरले जातात, आणि तिथे टक्कर झाली तर माघार घ्यावी लागते. लिस्टेरिया हा जिवाणू त्याचं ठळक उदाहरण. पिरी यांनी १९२७ मध्ये त्याला लिस्टेरेला म्हटलं होतं. ते नाव एका श्लेष्मबुरशीला आधीच दिलेलं निघालं, म्हणून १९४० मध्ये लिस्टेरिया केलं. तोच अडथळा एखाद्या पतंगाच्या नावाचा असता तर कुणी हाक ना बोंब केली नसती.

आता कामाचं. फाइलमध्ये शेवटी आठ मुख्य रकाने ठरले: मूळ लेबल जसंच्या तसं, जीनस, जाती, कर्ता (नाव देणारा) आणि वर्ष, सृष्टी (प्राणी की जिवाणू), संहिता, कुळ, आणि नाव कुठे तपासलं ते. पहिला रकाना कुलूपबंद. त्यात चूक दिसली तरी हात लावायचा नाही. दुरुस्ती पुढच्या रकान्यांत.

रकान्यांच्या मथळ्यांवरच पहिली ठेच लागली. मराठी विश्वकोशाच्या परिभाषेत प्रजाती म्हणजे जीनस आणि जाती म्हणजे स्पीशीज. वर्तमानपत्रं स्पीशीजलाच प्रजाती म्हणतात. कन्नडमध्ये 'कुल' म्हणजे जीनस, 'कुटुंब' म्हणजे फॅमिली. मराठीत कुल किंवा कुळ म्हणजे फॅमिली. कन्नड माध्यमातून आलेल्या मुलीने 'कुळ' या रकान्यात निमूटपणे जीनस भरलं, आणि तिचं काही चुकलं नव्हतं. सीमेवर काम करणाऱ्यांनी 'जीनस' हाच शब्द ठेवावा, सगळ्यांना एकाच अर्थाने कळतो. म्हणून इथेही तोच वापरतो आहोत.

दुसरी गोष्ट लिपीची. नाव जुळवायचा रकाना रोमनच हवा. बाटलीवरच्या चिठ्ठीला देवनागरी किंवा कन्नड चालेल, पण देवनागरीतून उलटं रोमन करायला गेलं की जोडाक्षर एक 'ल' चं की दोन, 'स' कुठल्या अक्षराचा, काही कळत नाही. आमच्याकडे प्लेगच्या जिवाणूच्या जीनसची येर्सिनिया, यर्सिनिया आणि एर्सिनिया अशी तीन रूपं होती. यंत्राला ती तीन वेगळी नावं. प्राणिसंहितेत जीनसच्या नावात एका अक्षराचा फरक असला तरी ती वेगळी नावं धरली जातात, त्यामुळे 'चालून जाईल' असं इथे काही नसतं.

सृष्टीचा रकाना विदागारातून भरायचा नाही. या कामातली सगळ्यात महागात पडलेली चूक हीच. नावावरून सृष्टी शोधायची आणि मग सृष्टीवरून नाव पक्कं करायचं, म्हणजे स्वतःच्याच खांद्यावर उभं राहून उंची मोजणं. सृष्टी कपाटातून येते: नमुना आगर-स्लँटवर (जिवाणू वाढवायच्या नळीत) आहे की पिनेवर, फ्रीझरमध्ये ग्लिसरॉलच्या कुपीत आहे की अल्कोहोलमध्ये. दोघांनी मिळून कपाटं उघडून प्रत्येक ओळीसमोर 'जिवाणू' किंवा 'प्राणी' लिहिलं. कंटाळवाणं काम आहे. पर्याय नाही.

त्यानंतर पिव्हट टेबल, म्हणजे एक्सेलचा मोजणीचा तक्ता: उभे जीनस, आडव्या सृष्टी. ज्या नावासमोर दोन्ही घरांत आकडा आला ते जुळं. पण यात फक्त आपल्या यादीतली टक्कर सापडते. यादीत एकटा रोथिया असेल तर पिव्हट गप्प बसतं, आणि रोथिया हा दातांवरचा जिवाणूही आहे आणि आफ्रिकेतला पतंगही. अशांसाठी प्रत्येक जीनस आयआरएमएनजी या जीनस-नोंदणीत टाकून पाहिला, कारण तिथे सगळ्या सृष्टींतली समान नावं एकाखाली एक दिसतात. जिवाणूंसाठी शेवटचा शब्द एलपीएसएन या जिवाणू-नावांच्या यादीचा. काडीकिड्यांसाठी फॅस्मिडा स्पीशीज फाइल ही त्यांच्या जातींची यादी.

जीबीआयएफ या जागतिक जैवविविधता विदागाराच्या नाव-जुळवणीत सृष्टीचा रकाना न देता नुसतं जीनस टाकलं, तर सारख्याच तोलाचे दोन निकाल असताना ते 'जुळलं नाही' म्हणून परत पाठवतं. तो वाईट निकाल नव्हे, प्रामाणिक निकाल आहे. खरा धोका जातीसकट नाव चुकीच्या स्पेलिंगने टाकण्यात आहे: जात सापडली नाही की ते वरच्या पातळीला जोडून देतं आणि निकालात 'हायररँक' असं लिहितं. तो शिक्का न वाचता पुढे गेलात तर ओळ भरलेली दिसते आणि आतून पोकळ असते. 'एक्झॅक्ट' सोडून बाकी प्रत्येक ओळ डोळ्यांनी बघावी.

एनसीबीआय या अमेरिकी जैवमाहिती केंद्राची यादी वापरणाऱ्यांसाठी: त्यांच्या नावांच्या फायलीत नावाच्या शेजारी 'युनिक नेम' नावाचा वेगळा रकाना असतो. जुळ्या नावांपुढे तिथे कंसात जिवाणू की काडीकिडा ते लिहिलेलं असतं. लोक जागा वाचवायला तोच रकाना काढून टाकतात. आम्हीही काढला होता. जोडणी नावावर न करता क्रमांकावर करावी. जिवाणू बॅसिलसचा क्रमांक १३८६, जिवाणू येर्सिनियाचा ६२९.

जुन्या कागदावरचं नाव कुठल्या बाजूचं हे नमुना हाताशी नसताना ओळखायचं असेल तर दोन खुणा उपयोगी पडतात. एक, कुळाचा प्रत्यय. प्राण्यांचं कुळ 'इडी' ने संपतं, जिवाणूंचं 'एसी' ने: बॅसिलिडी काडीकिड्यांचं, बॅसिलेसी जिवाणूंचं. दुसरी, कर्त्याचं नाव लिहायची पद्धत. प्राण्यांत कर्ता आणि वर्ष यांच्यात स्वल्पविराम असतो आणि जीनस बदलला तरी कंसात फक्त मूळ कर्ता राहतो: बॅसिलस रोसियस (रोसी, १७८८). जिवाणूंत स्वल्पविराम नसतो आणि कंसाबाहेर बदल करणाराही येतो: बॅसिलस सबटिलिस (एरेनबर्ग १८३५) कोन १८७२. तिरप्या अक्षरांवर जाऊ नये, तिरपी दोघांचीही असतात.

या रकान्याला एक्सेलची एक खोड आडवी येते. 'कोन १८७२' असं रोमन लिपीत आणि इंग्रजी आकड्यांत लिहून कोपरा धरून खाली ओढलं की पुढच्या ओळींत कोन १८७३, १८७४, १८७५ असं वाढत जातं. आमच्याकडे सलग एकोणीस बॅसिलस एकोणीस वेगवेगळ्या वर्षांचे झाले होते. ओढताना कंट्रोल दाबून धरावं, किंवा साधं कॉपी-पेस्ट करावं.

येर्सिनियाची ओळ तपासताना गंमत वाटली. प्लेगच्या जिवाणूचा हा जीनस व्हॅन लोगेम यांनी १९४४ मध्ये केला, १८९४ मध्ये हाँगकाँगला तो शोधणाऱ्या अलेक्झांडर येर्सिन यांच्या नावाने. पण कीटकशास्त्रज्ञ सोश्यूर यांनी १८६९ मध्येच उत्तर अमेरिकेतल्या एका मँटिसला, म्हणजे प्रार्थना कीटकाला, येर्सिनिया म्हटलेलं होतं. प्लेगवाले येर्सिन तेव्हा सहा वर्षांचे. त्यांचे वडील मात्र कीटकांचे अभ्यासक होते. मॉर्गनेला तर तिहेरी आहे: १८९७ चा खवले किडा, १९४३ चा जिवाणू, १९४८ ची बुरशी. लेप्टोनेमा हा स्पायरोकीट, म्हणजे मळसूत्री जिवाणूही आहे आणि कॅडिसफ्लाय हा कीटकही. कीटकांच्या बाहेर गेलं तर यादी थांबत नाही. आपली मेंदी लॉसोनिया, आणि डुकरांच्या आतड्यात रोग करणारा जिवाणूही लॉसोनियाच.

शेतकी नोंदींत आणखी एक गुंता असतो, कारण तिथे किडा आणि जिवाणू एकाच ओळीत येतात. कोबीवरच्या चौकोनी ठिपक्याच्या पतंगासाठी बॅसिलस थुरिंजिएन्सिस, म्हणजे बीटी. उसातल्या हुमणीच्या नोंदीत 'बॅसिलस पॉपिली': हा भुंगेऱ्यांच्या अळ्यांना दुधी रोग करणारा जिवाणू, आणि त्याचं जातिनाम पॉपिलिया या भुंगेऱ्याच्या जीनसवरून आलेलं. यजमान आणि रोगकारक यांना दोन वेगळे रकाने दिले नाहीत तर गाळणी लावताना दोघे एकमेकांच्या गोठ्यात शिरतात. शिवाय हा आता बॅसिलस राहिलेला नाही, पेनिबॅसिलस झाला. स्फुरद विरघळवणारं म्हणून मिळणारं बॅसिलस मेगाटेरियम २०२० पासून प्रीस्टिया मेगाटेरियम आहे. पाकिटांवर जुनंच नाव दिसतं. पाकिटावरचं नाव मूळ लेबलात, आजचं नाव जीनसच्या रकान्यात, दोन्ही ठेवावीत.

शेवटी उरली ती खानापूरची बाटली. आत काडीकिडा, पेन्सिलीने लिहिलेली चिठ्ठी, 'बॅसिलस स्पी., खानापूर' (स्पी. म्हणजे जात ओळखलेली नाही), बाकी काही नाही. सृष्टी प्राणी, हे बाटलीतच दिसत होतं. तरीही जीनसच्या रकान्यात बॅसिलस लिहिणं चूकच ठरलं असतं. एकोणिसाव्या शतकात जगभरातले कितीतरी काडीकिडे या जीनसमध्ये कोंबले गेले होते. आज त्यात उरलेल्या जाती भूमध्य समुद्राच्या आसपासच्या आहेत, सह्याद्रीतल्या नाहीत. चिठ्ठी लिहिणाऱ्याने जुन्या पुस्तकातलं नाव उचललं असणार. म्हणून मूळ लेबलात बॅसिलस तसंच, जीनस आणि जाती रिकामी, सृष्टी प्राणी, संहिता प्राण्यांची, काडीकिड्यांचा गण फॅस्मिडा, आणि शेऱ्यात 'पुन्हा ओळख पटवणे. अंडी असल्यास वेगळी ठेवणे'. काडीकिड्यांत अंड्याच्या कवचाची नक्षी आणि झाकण ओळखायला फार कामी येतं. बाटली तिरपी करून पाहिली तर तळाशी तीळासारखे चार दाणे होते. ते चिमट्याने काढून छोट्या कुपीत घातले आणि कुपीवर मोठ्या बाटलीचाच क्रमांक टाकला.