नव्या लॅपटॉपवर जुना कॅट

शनिवार, मालवण

श्रावणात कागदी पत्ते सादळतात. पिसायला घेतले की तीन-तीन पानं एकमेकांना चिकटून येतात, कॅरमची पावडर चोळली तरी थोड्या वेळाने पुन्हा तेच. मग घरातली वडीलधारी माणसं गणपतीला आलेल्या चाकरमान्याच्या नव्या लॅपटॉपकडे बघून विचारतात, "तो पत्त्यांचो खेळ खंय गेलो?"

तो गेला २०१२ मध्ये. १९९० च्या विंडोज ३.० पासून सॉलिटेअर विंडोजबरोबरच यायचा. पुढे हार्ट्स, फ्रीसेल, स्पायडर यांची भर पडली आणि विंडोज ७ पर्यंत सगळं सुखाने चाललं. विंडोज ८ मध्ये मायक्रोसॉफ्टने हे खेळ काढले आणि त्यांचा नवा अवतार स्टोअरमध्ये नेऊन ठेवला.

विंडोज ११ वर तो शोधायचा तर स्टार्ट दाबून इंग्रजीत 'सॉलिटेअर' टाइप करायचं. नाही सापडला तर मायक्रोसॉफ्ट स्टोअर उघडून तिथे शोधायचं. पूर्वीचं 'मायक्रोसॉफ्ट सॉलिटेअर कलेक्शन' आता 'सॉलिटेअर अँड कॅज्युअल गेम्स' या नावाने दिसतं. एकसारख्या चित्रांची इतरांची ॲप्सही तिथे ढिगाने असतात, म्हणून प्रकाशकाचं नाव बघूनच 'इन्स्टॉल' दाबावं. काही लॅपटॉपवर स्टार्टमध्ये नुसतं चिन्ह असतं आणि त्यावर दाबल्यावर खरं डाउनलोड सुरू होतं. इकडे फांदी तारेवर पडली की वीज आणि रेंज बरोबरच जातात. तेव्हा नेट आहे तोवर एकदा उघडून, एक डाव वाटून बघितलेला बरा.

आत क्लोंडाइक (आपण ज्याला नुसतं सॉलिटेअर म्हणतो तो), स्पायडर, फ्रीसेल, पिरॅमिड आणि ट्रायपीक्स असतात. साधे डाव नेटशिवाय चालतात, रोजच्या आव्हानांना नेट लागतं. मधेमधे जाहिरातीचा व्हिडिओ येतो आणि तो नको असेल तर वर्गणी भरा म्हणतात. पत्ते खेळायला वर्गणी हे काही पटत नाही.

रविवार

जाहिरात नको, नेट नको, तर सरळ मार्ग जुन्या विंडोज एक्सपीच्या (विंडोज ७ च्याही आधीच्या) फाइलींचा. घरात एक्सपीचा जुना संगणक अजून सुरू होत असेल तर त्याच्या विंडोज फोल्डरातल्या 'सिस्टिम ३२' मध्ये चार फाइली सापडतात: सोल (म्हणजे सॉलिटेअर), फ्रीसेल, स्पायडर आणि एमएसहार्ट्स, चारही ईएक्सई, म्हणजे दाबलं की चालू होणाऱ्या प्रोग्रॅमच्या फाइली. पाचवी फाइल म्हणजे कार्ड्स डॉट डीएलएल. ती नजरेतून सुटते आणि तिथेच घोटाळा होतो, कारण पत्त्यांची चित्रं तिच्यात असतात. ती नसली की सॉलिटेअर उघडतच नाही, 'कार्ड्स डॉट डीएलएल सापडली नाही' एवढंच सांगून बंद होतो. स्पायडरची चित्रं त्याच्या स्वतःच्याच पोटात आहेत, त्यामुळे तो एकटाही चालतो.

पाचही फाइली पेन ड्राइव्हवर घेऊन नव्या लॅपटॉपवर एकाच वेगळ्या फोल्डरात ठेवाव्या, समजा 'पत्ते' नावाच्या. पुष्कळजण डीएलएल नेऊन नव्या विंडोजच्या सिस्टिम ३२ मध्ये टाकतात आणि तरीही तोच संदेश येतो म्हणून वैतागतात. कारण असं की हे खेळ ३२ बिटचे आहेत आणि ६४ बिटच्या विंडोजमध्ये ३२ बिटच्या प्रोग्रॅमना सिस्टिम ३२ ऐवजी 'सिसवाऊ ६४' हे दुसरंच फोल्डर दाखवलं जातं. प्रोग्रॅम आधी स्वतःच्या शेजारी बघतो. शेजारीच ठेवली की प्रश्न मिटला. त्याहून जुने, विंडोज ३.१ च्या काळातले १६ बिटचे खेळ मात्र ६४ बिटवर काही केल्या चालत नाहीत, त्यांच्या नादी लागू नये.

संगणक बंद पडलाय पण एक्सपीची सीडी आहे, असंही असतं. सीडीवर 'आय३८६' फोल्डरात याच फाइली दाबून भरलेल्या असतात, शेवटचं अक्षर जाऊन तिथे खालची रेघ आलेली. कमांड प्रॉम्प्टवर 'एक्सपांड' ही आज्ञा, मग सीडीवरच्या फाइलीचा पत्ता, मग नवं पूर्ण नाव लिहिलं की फाइल मोकळी होते.

खेळ उघडला की पानं नखाएवढी दिसतात किंवा धुरकट. जुनी पानं ७१ बाय ९६ पिक्सेलची, आजचा पडदा त्या मानाने फारच बारीक विणीचा. ईएक्सईवर उजवं बटण, प्रॉपर्टीज, कंपॅटिबिलिटी, 'चेंज हाय डीपीआय सेटिंग्ज', तिथे खालच्या चौकोनात खूण करून यादीतून 'सिस्टिम (एन्हान्स्ड)' निवडायचं. पानं मोठी होतात, कडा थोड्या मऊच राहतात. एफ१ दाबून नियम उघडत नाहीत, कारण मदतफाइल या पाच फाइलींत नसते. खेळाला त्याने काही होत नाही.

लॅपटॉप 'एस मोड'मध्ये असेल तर स्टोअरबाहेरचं काहीच चालणार नाही. सेटिंग्ज, सिस्टिम, ॲक्टिव्हेशन इथून बाहेर पडता येतं, पण परत आत येता येत नाही. पाहुण्याच्या लॅपटॉपवर त्याला विचारल्याशिवाय हे करू नये.

आणि जुन्या फाइली नेटवरच्या कुठल्याही दारातून उचलू नयेत. हाताशी काहीच नसेल तर पायसोलएफसी घ्यावा. फुकट, मुक्त स्रोताचा, एकट्याने खेळायचे हजाराहून जास्त खेळ, जाहिरात नाही, एकदा बसवला की नेट नाही. दिसायला ओबडधोबड आहे, पण पावसाळी मुक्कामाला याच्याइतकं सोयीचं दुसरं नाही. लिनक्सवाल्यांना आइलरायट आणि केपेशन्स हे असेच पत्त्यांचे संच आहेतच.

मंगळवार, रात्री

खेळाचंही थोडं लिहायला हवं. क्लोंडाइकमध्ये डाव अडला की माणूस नशिबाला बोल लावतो, आणि काही डाव खरोखरच सुटत नाहीत. फ्रीसेलमध्ये ती सोय नाही. सगळी ५२ पानं उताणी, लपवलेलं काही नाही. विंडोजच्या पहिल्या ३२,००० क्रमांकित डावांत न सुटणारा एकच, ११९८२. एक्सपीत क्रमांक दहा लाखांपर्यंत जातात, शिवाय उणे १ आणि उणे २ टाकले तर मुद्दाम न सुटणारे डाव वाटले जातात. ज्याला फार घमेंड आहे त्याला हे द्यावेत.

फ्रीसेलचा हिशेब पाठ असावा. एका वेळी किती पानांची माळ हलेल? रिकाम्या कप्प्यांच्या (वरच्या, एकेक पान ठेवायच्या चार जागांच्या) संख्येत एक मिळवायचा आणि जितके स्तंभ (खालच्या पानांच्या उभ्या रांगा) रिकामे असतील तितक्या वेळा दुप्पट करायची. चारही कप्पे मोकळे, स्तंभ एकही नाही, तर पाच पानं. दोन कप्पे आणि एक स्तंभ मोकळा, तर सहा. माळ रिकाम्याच स्तंभात न्यायची असेल तर तो स्तंभ मोजायचा नाही. म्हणून घाईघाईने कप्पे भरणारा अडकतो, स्तंभ मोकळा करणारा सुटतो. एक्सपीतल्या फ्रीसेलमध्ये एकच चाल मागे घेता येते, हेही लक्षात असू द्यावं.

हार्ट्स नव्या संचातल्या त्या पाच खेळांत नाही, तो हवा तर एक्सपीचा घ्यावा. पॉलीन, मिशेल आणि बेन हे तिघं संगणकाचे गडी समोर बसतात. मेंढीकोट खेळून वाढलेल्या माणसाला हा आधी उलटाच वाटतो. मेंढीकोटात हुकूम मारून दश्श्या ओढायच्या, इथे हुकूमच नाही आणि हात घेणं म्हणजे ओझं घेणं. प्रत्येक बदामाचा एक गुण, इस्पिकच्या राणीचे १३, एकूण २६. कुणाचे १०० झाले की खेळ संपतो आणि सर्वांत कमी गुणांचा जिंकतो. तेराही बदाम आणि राणी एकट्याने ओढली तर मात्र उरलेल्या तिघांवर २६-२६ चढतात.

वाटल्यावर तीन पानं देवाणघेवाणीला जातात: एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे, एकदा समोर, चौथ्यांदा कुणालाच नाही. हातात इस्पिकची राणी आली म्हणून लगेच घालवायची गरज नाही. तिच्याखाली लहान इस्पिक तीन-चार असतील तर ती ठेवलेली बरी, निदान ती कुठे आहे हे तरी कळतं. लहान इस्पिक नसतील तर इस्पिकचा एक्का आणि राजा आधी द्यावेत, कारण राणी त्यांच्यावरच येऊन पडते. उतारी किलवर दुर्रीची. पहिल्या हातात गुणांचं पान कुणालाच टाकता येत नाही, म्हणून किलवर एक्का तिथेच मोकळा करून घ्यावा.