माळ्यावरची पेटी आणि काळी चार

दिवाळी संपल्यावर माळा आवरायला काढला (हो, आमच्याकडे सगळं उशिराच) आणि जुन्या गाद्यांखाली आजोबांची पेटी (वाजवायची, म्हणजे हार्मोनियम) सापडली. सापडली म्हणजे काय, सदाशिव पेठेतला वाडा पाडला तेव्हा मीच चादरीत गुंडाळून वर सारली होती आणि नंतर तेरा वर्षं ढुंकूनही बघितलं नाही. उंदरांनी भात्याचा एक कोपरा फस्त केलेला, दोन पट्ट्या दाबल्या की खालीच बसायच्या, आणि मधल्या सप्तकातला पंचम तर सर्दी झाल्यासारखा वाजत होता.

लक्ष्मी रोडच्या मागे एका बोळात पेट्या दुरुस्त करणारे एक काका आहेत, त्यांच्याकडे नेली. त्यांनी आधी झाकण उघडून नुसता वास घेतला, मग म्हणाले, "ताई, ही होईल, पण घाई असेल तर मुलीला कीबोर्ड घेऊन द्या." घाई नाही म्हटल्यावर त्यांनी मला स्टुलावर बसवलं आणि पुढचा तास दीड तास मी ते काय करतायत ते बघत बसले, रिक्षाने घरी जायचं होतं, भाजी घ्यायची होती, सगळं राहिलं.

आत पितळी रीडच्या ओळी असतात, खर्जाची (खालच्या सुरांची) एक, नरची (मधल्या सुरांची) एक. प्रत्येक रीड म्हणजे पितळेची बोटाएवढी पट्टी आणि तिच्यात एक पातळ जीभ, एका टोकाला रिव्हेट मारलेली, दुसरं टोक मोकळं. काकांनी पंचमाची रीड काढली, जिभेखाली ब्लेड सरकवलं आणि बारीक कानशीने मोकळ्या टोकाला दोनच घास दिले. टोकाला घासलं की सूर चढतो, मुळाशी घासलं की उतरतो. परत बसवली, भाता मारला, मान हलवली, परत काढली, अजून एक घास. असं पाच-सहा वेळा. जास्त घासली की जीभ पातळ होऊन रीडच गेली, मग नवीन टाकायची.

मग विचारलं, "घरात गातं कोण? कुठल्या पट्टीत?"

म्हटलं, आई. काळी चार. म्हणजे सप्तकातली चौथी काळी पट्टी हा तिचा सा.

आणि हे बोलल्यावर माझं मलाच हसू आलं. कारण माझी आई पेटीला नावं ठेवणाऱ्यातली. तंबोरा आणि तबला पुरे, पेटीवर मींड येत नाही, दोन सुरांच्या मधे काही नसतं, असं तिचं कायमचं म्हणणं (चूक नाहीये ते, पेटीचे सूर ठोकून ठरवलेले, गळा किंवा सारंगी जशी एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाते तसं तिला जमत नाही). पण स्वतःचा षड्ज (म्हणजे सा) सांगताना मात्र काळी चार! म्हणजे सारंगीवाल्याच्या भाषेत नाही, तंबोऱ्याच्या भाषेत नाही, तर पेटीच्या पट्ट्या मोजून. तंबोरासुद्धा काळी चारलाच लावते. आणि मी लहानपणी भांडायला लागले की हीच बाई म्हणायची, वरच्या पट्टीत बोलू नकोस.

आणि पेटी मुळात आहे कुठली, तर पॅरिसची. अलेक्झांडर दबँ नावाच्या माणसाने 1842 साली हार्मोनियमचं पेटंट घेतलं, तेव्हा ती पायाने भाता मारायची होती. आपण मांडी घालून बसणारे लोक, आपल्याला ती कशी चालणार? कोलकात्याच्या द्वारकानाथ घोष यांनी तिला हाताचा भाता दिला आणि मग ती जमिनीवर आली. मराठी नाटकात तिचे लाड जरा जास्तच झाले. गोविंदराव टेंबे स्वतः पेटीवाले, 1911 च्या 'मानापमान'च्या चाली त्यांच्या, आणि मग बोलपट आले तर 1932 साली प्रभातच्या 'अयोध्येचा राजा'मधे हेच संगीतकार आणि हेच हरिश्चंद्र! पेटीवाला हिरो. आता कुणी करून दाखवा.

एकीकडे हे चालू असताना आकाशवाणीने 1940 साली पेटीवर बंदीच घातली. कारण तेच, आईचं. ती बंदी सैल व्हायला 1971 उजाडलं. म्हणजे आपलं पुणे केंद्र 1953 मधे सुरू झालं ते या बंदीतच, आणि त्याच वर्षी याच गावात सवाई गंधर्व महोत्सव सुरू झाला, जिथे पुढे भीमसेनजींच्या शेजारी अप्पा जळगावकर पेटी घेऊन बसायचे आणि लोक त्यांनाही टाळ्या द्यायचे. मला तर वाटतं रेडिओवाल्यांनी बंदी घातली म्हणून पेटीवाले जास्तच ईर्ष्येने वाजवायला लागले असतील, पण हा आपला माझा अंदाज.

पेटीसारखाच बेंजोही बाहेरून आलेला. गणपतीत बेंजो पार्टी येते ना, तो बेंजो अमेरिकेतला नव्हेच. 1912 च्या सुमारास जपानमधे नागोयात तारांवर टाइपरायटरसारखी बटणं बसवलेलं एक वाद्य निघालं, तैशोगोतो, ते आपल्याकडे येऊन बुलबुल तरंग झालं आणि त्याला पिकअप (आवाज स्पीकरवर नेणारा) लावून आपण बेंजो म्हणायला लागलो. कोळीगीतं त्याच्याशिवाय सुचतच नाहीत आता. नंतर ऐंशीच्या दशकात इलेक्ट्रॉनिक कीबोर्ड आला तर कंपनी कुठलीही असो, सगळा कॅसिओच. आपण नावाच्या बाबतीत फार पटकन घरचं करतो बुवा.

पेटी तीन आठवड्यांनी मिळाली. आईने आधी नाक मुरडलं, मग बसली, डाव्या हाताने भाता, उजव्याने सरळ काळी चारवर बोट. मुलीने फोनवर ट्यूनरचं ॲप लावलं आणि जाहीर केलं, आज्जी, तुझा गंधार थोडा खाली आहे. आई म्हणाली, माझा बरोबर आहे, पेटीचा असेल.

बाकी भात्याच्या नव्या चामड्याचा वास अजून हॉलभर आहे आणि पेटी डायनिंग टेबलवर, कारण माळ्यावर परत ठेवायची माझी हिंमत नाही. उंदरांवर जालीम उपाय असेल तर सांगा, डांबरगोळ्या करून झाल्या.