समाई

आमच्या कथकच्या क्लासला एक देवी आहे, समाई. पुराणात शोधू नका, तिथे ती नाही, गेल्या जूनमध्ये ठाण्यात पाचपाखाडीतल्या एका हॉलमध्ये नऊ मुलींनी मिळून तिला घडवलंय आणि मी समोर बसून बघत होते.

झालं असं की तीनताल चालला होता, सोळा मात्रांचा म्हणजे सोळा ठोक्यांचा ताल, साधं ततकार म्हणजे पायांचं मूळ काम आणि शेवटी तिहाई, म्हणजे एकच तुकडा तीनदा करून समेवर, तालाच्या पहिल्या मात्रेवर, येऊन थांबायचं, आणि एक आठ वर्षांची मुलगी सारखी समेच्या आधीच येऊन थांबायची. बोल पाठ, पाय स्वच्छ, पण शेवटचा 'थेई' पंधराव्या नाहीतर सोळाव्या मात्रेला पडायचा, तेवढं अर्ध्या श्वासाचं थांबणं तिला जमत नव्हतं. मी म्हटलं, अगं घाई नको करू, सोळा मोजून झाले की सम येतेच. तर ती घुंगरू सावरत म्हणाली, "ताई, पण तिला आणतं कोण?"

मला पटकन काही सुचेना. तेवढ्यात मागून एकीचा आवाज आला, "समाई आणते." टेबलावर नटराजापुढे समई लावलेली असते, तीच पोरीच्या डोक्यात असणार, पण सम आणि आई असं ते इतकं चपखल बसलं की त्या दिवशी पुढची तालीम राहिलीच, सगळ्या जमिनीवर पालथ्या पडून चित्र काढायला लागल्या.

हात चार, यावर वाद नव्हताच. दोन हात टाळी द्यायला. तिसऱ्या हाताचा अंगठा बोटांच्या पेरांवर, कारण आम्ही मोजतोच तसं, एका बोटाला तीन पेरं आणि वर टोक असे चार, चार बोटांचे सोळा, तीनताल संपला. चौथ्या हातात काय द्यायचं यावर मात्र एकमत होईना. वीणा नको ती सरस्वतीची, त्रिशूळ नको, कमळ तर सगळ्यांच्याच हातात असतं, मग तो हात तसाच रिकामा ठेवला, नंतर बघू म्हणून. वाहन मात्र लगेच ठरलं, फ्लेमिंगो, म्हणजे आपला रोहित पक्षी. दोघीतिघींनी हिवाळ्यात ऐरोलीहून बोटीने खाडीत जाऊन ते पाहिले होते. ओहोटीच्या चिखलात ते एका जागी पाय आपटत गोल गोल फिरतात, चिखल ढवळून खाणं वर काढतात, चोच उलटी करून. एकीने ते करून दाखवलं आणि खरं सांगते, ते ततकारच होतं, गुडघा न वाकवता, तळवा सपाट, वजन अगदी बरोबर.

एका मुलीची आजी मात्र जरा नाराज झाली. "नटराज आहेत ना आपल्याकडे, मग नवीन देव कशाला?" तिचं म्हणणं मी मनापासून ऐकलं, कारण नटराज माझाही आहे. घारापुरीच्या मोठ्या लेण्यात दाराजवळच तो नाचणारा शिव आहे, हात तुटलेत, पाय तुटलेत, तरी त्या कमरेच्या वळणात नाच तसाच्या तसा शिल्लक आहे, मी तिथे प्रत्येक वेळी उभीच राहते. जिनिव्हाजवळ सर्न या अणुसंशोधनाच्या संस्थेत भारताने 2004 साली दिलेली दोन मीटर उंच नटराजाची मूर्ती आहे. एका हातात डमरू म्हणजे निर्मिती, दुसऱ्या हातात अग्नी म्हणजे संहार, एवढं सगळं विश्व तो सांभाळतो. पण मी आजींना म्हटलं, आपल्याकडे मूल जन्मलं की नशीब लिहायला सटवाई येते, पाण्याच्या काठाला साती आसरा असतात, ज्या त्या कामाची बाई आपण मानतोच, मग मात्रा मोजणारी एक असली तर काय बिघडलं? आजी हसल्या नाहीत, पण पुढच्या शनिवारी येताना समाईसाठी शेवंतीची दोन फुलं घेऊन आल्या.

मग जानेवारीत एक गोष्ट घडली जिने माझंच गणित बदललं. आमच्या सोसायटीच्या टेरेसवर एका शेजाऱ्यांनी दुर्बीण लावली होती, मी त्या मुलींना पण बोलावलं. गुरू दिसला, आणि त्याच्या दोन्ही बाजूंना बारीक ठिपके, गॅलिलिओने 1610 मध्ये पाहिलेले तेच चार चंद्र. शेजारी सांगत होते की गॅनिमीडची एक फेरी होते तोवर युरोपाच्या दोन होतात आणि आयोच्या चार. मी तिथेच ओरडले, अगं हे ठाय, दुगुन, चौगुन आहे, संथ लय, तिची दुप्पट आणि तिची चौपट! गॅनिमीडची फेरी सात दिवसांच्या थोडी वर, म्हणजे आमच्या एका शनिवारपासून दुसऱ्या शनिवारपर्यंत त्याचं जवळजवळ एक आवर्तन. अंगावर काटा आला माझ्या. नेपच्यूनच्या तीन फेऱ्यांत प्लूटोच्या दोन, ती तर सरळ दीडीची लय, आणि या लयीमुळेच दोघांच्या वाटा नकाशात एकमेकींवरून जाताना दिसतात तरी ते एकमेकांवर आदळत नाहीत.

पण मग त्या शेजाऱ्यांनी पुढचं सांगितलं. हे तिघं एका बाजूला एका रेषेत कधीच येत नाहीत. युरोपा आणि गॅनिमीड एका बाजूला जुळले की आयो नेमका गुरूच्या पलीकडे असतो, दर वेळी, कारण एकमेकांच्या ओढीनेच त्यांचा हिशोब बांधला गेलाय. त्याच ओढाताणीमुळे आयोची कक्षा पूर्ण गोल होत नाही, गुरू त्याला कधी जास्त दाबतो कधी कमी, आणि त्या घर्षणाने तो आतून इतका तापतो की सूर्यमालेत सगळ्यात जास्त ज्वालामुखी तिथेच धगधगतात.

आमची समेआधी थांबणारी मुलगी दुर्बिणीला डोळा लावून होती, तशीच म्हणाली, "म्हणजे यांची सम येतच नाही?"

मी इतकी वर्षं शिकवत आले की मेळ म्हणजे सगळ्यांचा पाय एका मात्रेवर पडणं. वीस जणींचे घुंगरू एकदम थांबले की जी शांतता होते तिच्यासाठी मी या मुलींना घामाघूम करते, आणि ते मी सोडणार नाहीये. पण वर आकाशात तिघं जणं कधीच एकत्र न येता लय सांभाळतायत, आणि ती लय आमच्यापेक्षा पक्की आहे. त्या रात्रीपासून मी त्या मुलीला "थांब" म्हणणं बंद केलं. आता तिला मी दुसऱ्या दोघींच्या मध्ये उभी करते, एक ठायमध्ये, एक चौगुनमध्ये, आणि ही दुगुनमध्ये, आणि सांगते की तू फक्त त्या दोघींना ऐकत राहा. अजून चुकते ती. पण आता चुकली की तिचं तिलाच कळतं, मान वर करून शेजारणीच्या पायांकडे बघते आणि पुढच्या आवर्तनात स्वतःच शिरते.

येत्या शनिवारपासून रूपक सुरू करायचाय, सात मात्रा, तीन-दोन-दोन. बहुतेक तालांत समेला टाळी असते, रूपकात समेलाच खाली असते, टाळी न देता हात नुसता उघडायचा, म्हणजे सगळे जिथे येऊन पोचतात तिथे हात रिकामा, उघडा. काल रात्री फळ्यावर हे लिहून बघत होते आणि नजर भिंतीवरच्या चित्राकडे गेली, समाईच्या त्या चौथ्या हाताकडे. मुलींना अजून सांगितलेलं नाही.