धूळपाटीतला 'बरहा': नाव ठरलं, चित्राची चौकट रिकामी

मराठी विकिपीडियावरच्या माझ्या धूळपाटीत, म्हणजे कच्चं लिहायच्या पानावर, कन्नड टंकलेखनाच्या सॉफ्टवेअरवर लेख लिहितोय. त्याचं शीर्षक 'बरहा' असं पक्कं केलंय. कन्नडात शब्द 'बरह', अर्थ लेखन, आणि शेवटचा अकार पुरा उच्चारतात. मराठीत 'बरह' लिहिलं की वाचणारा 'बरह्' म्हणतो. बेळगाव, खानापूर, निपाणीकडच्या कानाला ते लगेच खटकतं. म्हणून शेवटी आकार. पुढे 'बरहाचा', 'बरहात', 'बरह्याचा' नको. 'नुडी' या दुसऱ्या कन्नड सॉफ्टवेअरच्या नावालाही हाच न्याय: कन्नडात शेवटची इ ऱ्हस्व, मराठीत अंत्य इकार दीर्घ आणि आधीचा उ ऱ्हस्व. 'नूडी' चूक.

'बरह' शोधणाऱ्यासाठी त्या नावाचं पान करून त्यात वाचकाला थेट मूळ लेखावर नेणारी एकच ओळ टाकायची: #पुनर्निर्देशन [[बरहा]]. रोमन नावालाही तसंच. कंसातलं 'सॉफ्टवेअर' तेव्हाच जोडावं, जेव्हा त्याच नावाचा दुसरा लेख असेल.

ॲपवरच्या लेखांत फसगत वेगळी. ॲ हे सुटं अक्षर युनिकोडमध्ये २००८ साली आलं; जुन्या मजकुरात अ, अदृश्य जोडचिन्ह आणि वर चंद्र असे तीन तुकडे असतात. डोळ्यांना दोन्ही सारखेच दिसतात, विकिपीडिया चालवणाऱ्या मीडियाविकी या सॉफ्टवेअरला मात्र ती दोन निराळी शीर्षकं. लेख असूनही दुवा लाल, म्हणजे पान नसल्यासारखा, दिसला तर शब्द पुसून हाताने पुन्हा टाइप करा.

खरी अडचण चित्राची आहे. शेषाद्रि वासू यांचं बरहा १९९८पासूनचं, पण मालकी हक्काचं. मोफत मिळणं वेगळं, मुक्त परवाना वेगळा. कॉमन्सवर, म्हणजे विकिमीडियाच्या सामायिक चित्रसंग्रहात, दुसराच चालतो. त्यामुळे बरहाच्या खिडकीचा स्क्रीनशॉट तिथे चढवला की काढला जाणार. मुक्त नसलेलं चित्र स्थानिक विकीवर ठेवायचं तर मार्च २००७च्या विकिमीडिया ठरावाप्रमाणे त्या विकीचं स्वतःचं अपवाद-धोरण लागतं.

तूर्त लिब्रेऑफिसमध्ये लोहित कन्नड फाँटात हा शब्द टाइप करून त्याचं चित्र घेतलंय. ऑल्ट आणि प्रिंटस्क्रीन एकत्र दाबले की फक्त चालू खिडकी येते. टास्कबारवरची परक्या मालकीची चिन्हं टळतात. मग कातरून फक्त शब्द ठेवायचा. फाइल पीएनजीच हवी. जेपीईजीत कन्नडच्या गोल वळणांभोवती राखाडी ठिपके येतात. चित्राखाली 'कन्नड लिपीतला बरह हा शब्द' एवढंच लिहायचं, म्हणजे कुणी त्याला सॉफ्टवेअरचा पडदा समजणार नाही. हे चित्र नावाच्या परिच्छेदाशेजारी बसवलंय. माहितीचौकटीतली चित्राची जागा रिकामी ठेवलीय. आता विकिडेटावरून, म्हणजे निरनिराळ्या भाषांतले लेख जोडणाऱ्या विदासंग्रहावरून, कन्नड लेखाशी जोडणी बाकी आहे.