सरांची पुस्तकं आणि मावशींचा खोडरबर

मी कॉलेजच्या लायब्ररीत कॅटलॉगिंग बघते. इंग्रजीचे एक सर रिटायर होऊन गावी गेले, जाताना अकरा खोकी पुस्तकं आम्हाला देऊन गेले, सगळी व्हिक्टोरियन काळावरची. मी लायब्ररीच्या विषयवार नंबरांप्रमाणे ठरवूनच टाकलं, कादंबऱ्या आणि त्यांवरची समीक्षा 823.8 ला, खून-खटले 364 ला, विषं आणि पोस्टमॉर्टेम 614.1 ला. तीन वेगळे मजले. जेवणाच्या सुट्टीपर्यंत संपेल म्हटलं.

मग विल्की कॉलिन्सची 'द मूनस्टोन' उघडली. 1868 ची कादंबरी, चोरीला गेलेल्या हिऱ्याची. त्यातला डिटेक्टिव्ह सार्जंट कफ घरातल्या धुण्याची वही मागतो तिथे कडेला सरांनी पेन्सिलीने लिहिलेलं, "परिटाची वही! लाल पुस्तक बघ." लाल पुस्तक 364 च्या ढिगात होतं. 1860 साली इंग्लंडमध्ये रोड नावाच्या गावात चार वर्षांचाही नसलेला मुलगा घरातच मारला गेला, इन्स्पेक्टर व्हिचरने त्याच्या सावत्र बहिणीच्या, सोळा वर्षांच्या कॉन्स्टन्सच्या, कपड्यांची यादी तपासली तर तीन नाइटगाऊनमधला एक गायब, ती म्हणाली धुलाईत हरवला. कोणी व्हिचरचं ऐकलं नाही, उलट त्यालाच लोकांनी धुऊन काढलं, आणि 1865 ला पोरीने स्वतःच कबूल केलं. (वाचता वाचता माझा चहा गार झाला.)

तिथून बाण परत तिसऱ्या ढिगाकडे, "टेलरचं ऐकशील तर फसशील." डॉ. टेलर म्हणजे तेव्हाचे विषांचे सगळ्यात मोठे तज्ज्ञ. 1859 मध्ये विष देऊन खून केल्याचा आरोप असलेल्या स्मेथर्स्टच्या खटल्यात त्यांना बाटलीत आर्सेनिक सापडलं आणि मग कळलं की ते टेस्टसाठी वापरलेल्या तांब्याच्या जाळीतूनच आलंय! तरी ज्युरीने दोषी ठरवलं, फाशी सुनावली, पुढे माफी मिळाली आणि मग पहिली बायको असताना दुसरं लग्न केल्याबद्दल वर्षभर आत.

म्हणजे ही पुस्तकं एकमेकांशी बोलत होती आणि मी त्यांना तीन मजल्यांवर पाठवत होते.

एवढ्यात मागून खसखस खसखस आवाज. आमच्या मावशी खोडरबर घेऊन बसलेल्या! दाखल करायच्या आधी पेन्सिलीच्या खुणा पुसायच्या हा आमचाच नियम, त्यांची काय चूक. "मावशी थांबा!" असं मी ओरडले की रीडिंग रूममधली पोरं वळून बघायला लागली.

"दोनच झालीत हो मॅडम."

आमच्या साहेबांकडे गेले, त्यांना वेगळं कपाट वगैरे लाड वाटत होते, शेवटी रजिस्टरला शेरा मारून एक जुनं काचेचं कपाट मिळालं, नंबर तेच, फक्त जागा एक.

पुसलेली दोन घेऊन मी खिडकीशी बसले. पान तिरकं धरलं की सर पेन्सिल किती दाबून लिहायचे ते दिसतं. मावशी पण डोकावल्या, म्हणाल्या, "इथं 'खोटं' असंच लिहिलंय ना?"