ठळक अक्षरात न आलेला आकडा

माझे आठ वर्षांचे रक्ताचे रिपोर्ट एका फायलीत तारीखवार लावलेले आहेत. नोकरी हिशेबखात्यातली, त्यामुळे कागद जपायची सवय हाडात मुरलेली. वाचायची पद्धत मात्र एकच. ठळक छापलेलं काही दिसतंय का ते बघायचं, नसेल तर पंच मारून फायलीत. मूत्रपिंडाचं काम सांगणारं क्रिएटिनिन कधीच ठळक आलं नाही. शेजारी छापलेली मर्यादा ०.६ ते १.१, आणि माझा आकडा दरवर्षी तिच्या आत.

मधुमेह अकरा वर्षांचा, तेव्हा वय ५४, वजन ४६ किलो. जुने डॉक्टर निवृत्त झाले म्हणून नव्यांकडे गेले. त्यांनी फाईल मागितली आणि शेवटचा रिपोर्ट बाजूला ठेवून तळातला सगळ्यात जुना आधी काढला. क्रिएटिनिन ०.७. मग ताजा पाहिला, १.०.

"लघवीची एसीआर कधी केलीय?"

"दरवर्षी युरिन रुटीन करते की."

"ती वेगळी. ही लघवीतलं प्रथिन नेमकं मोजणारी, कधीच केलेली दिसत नाही."

मी जरा घुश्श्यातच म्हटलं, "पण डॉक्टर, सगळं नॉर्मल आहे ना?" त्यांनी कागद माझ्याकडे फिरवला. "ही मर्यादा सगळ्यांची मिळून आहे. तुमची स्वतःची मर्यादा या जुन्या कागदावर आहे."

मग त्यांनी सांगितलं ते असं. क्रिएटिनिन हा स्नायूंतून रोज तयार होणारा टाकाऊ पदार्थ, मूत्रपिंडं तो गाळून बाहेर टाकतात. गाळणं मंदावलं की रक्तातला आकडा वाढतो. पण ज्याच्या अंगावर स्नायूच कमी, त्याच्याकडे क्रिएटिनिन मुळात कमी तयार होतं. माझ्यासारख्या काडीपैलवानाची गाळण बरीच घसरली तरी आकडा मर्यादेतच राहू शकतो. उलट व्यायामशाळेत घाम गाळणाऱ्या धडधाकट माणसाचा आकडा मूत्रपिंडं ठणठणीत असूनही मर्यादेबाहेर जाऊ शकतो. म्हणून वय, स्त्री की पुरुष आणि क्रिएटिनिन एका सूत्रात घालून गाळण्याच्या वेगाचा अंदाज काढतात. तोच ईजीएफआर. सूत्र वेळोवेळी सुधारलं गेलंय, डॉक्टरांनी वापरलं ते २०२१ चं.

घरी आल्यावर लेकीने तेच सूत्र उघडलं आणि दोन्ही रिपोर्टांचे आकडे भरले. ४६ व्या वर्षी ०.७ म्हणजे ईजीएफआर १०८. ५४ व्या वर्षी १.० म्हणजे ६७. "आई, हे बघ," एवढंच म्हणाली. वयाबरोबर गाळण थोडी कमी होतेच, साधारण वर्षाला एखादा अंक. इथे आठ वर्षांत एक्केचाळीस गेले होते, आणि दोन्ही कागदांवर एकही अक्षर ठळक नव्हतं. शेवटच्या दोन रिपोर्टांवर तर ईजीएफआर असा रकानाही होता. त्यात छापलं होतं, '६० पेक्षा जास्त'. आता ६७ ही साठपेक्षा जास्त आणि १०८ ही साठपेक्षा जास्तच! असा ताळेबंद आमच्या ऑफिसात कोणी माझ्यासमोर ठेवला असता तर मी तो तिथल्या तिथे परत पाठवला असता.

एसीआरची गोष्ट निराळी. अल्ब्युमिन हे रक्तातलं प्रथिन. मूत्रपिंडाची चाळणी शाबूत असेल तर ते लघवीत जवळपास उतरत नाही. चाळणी झिरपायला लागली की थोडंथोडं येतं, आणि मधुमेहात हे पुष्कळदा क्रिएटिनिन हलण्याच्या आधी दिसतं. युरिन रुटीनची पट्टी बारीक गळती पकडत नाही. माझ्या रिपोर्टांवर वर्षानुवर्षं 'अल्ब्युमिन : निल' होतं, शेवटच्यावर 'ट्रेस'. ट्रेसकडे मी पाहिलंही नव्हतं. शिवाय भरपूर पाणी पिऊन नमुना दिला की लघवी पातळ होते आणि पट्टी आणखी फसते. एसीआरमध्ये अल्ब्युमिनला त्याच लघवीतल्या क्रिएटिनिनने भागतात, त्यामुळे पाणी कमीजास्त प्यायलेलं बऱ्याच अंशी वजा होतं. एक ग्रॅम क्रिएटिनिनमागे ३० मिलिग्रॅमच्या आत अल्ब्युमिन असेल तर ठीक. ३० ते ३०० म्हणजे वाढलेलं, ३०० च्या वर म्हणजे खूप वाढलेलं.

सकाळची पहिली लघवी, सुरुवातीची धार सोडून मधली. मी अगदी मन लावून दिली, डबीवर नाव दोनदा लिहिलं. आकडा आला ३४०. रात्रभर डोळ्याला डोळा नाही.

डॉक्टरांनी पहिला प्रश्न विचारला, "त्या दिवशी ताप वगैरे होता का?" होता. लघवीला जळजळही होती, पण ते सांगायचं मला सुचलंच नव्हतं. ताप, लघवीचा संसर्ग, पाळी, आदल्या दिवशीचा दमवणारा व्यायाम, भडकलेली साखर, यातल्या कशानेही अल्ब्युमिन तात्पुरतं वाढतं. म्हणून एका नमुन्यावर कोणी शिक्का मारत नाही. तीनपैकी दोन नमुने वाढलेले हवेत, आणि बिघाड तीन महिन्यांहून जास्त टिकलेला हवा, तरच जुनाट मूत्रपिंडविकार म्हणायचं. संसर्गाचा औषधाचा कोर्स झाला. तीन आठवड्यांनी दुसरा नमुना दिला, १८८.

तिसरा तीन महिन्यांनी द्यायचा होता. त्या सकाळी नेहमीची लॅब बंद निघाली, म्हणून दुसरीकडे दिला. रिपोर्ट संध्याकाळी मोबाईलवर आला, १९.७. तीसच्या आत! मी आनंदाने घरभर सांगत सुटले. यांनी तर पेढ्यांचीच भाषा सुरू केली. लेकीने माझ्या हातातून मोबाईल घेतला, दोन बोटांनी पान मोठं केलं आणि आकड्याच्या पुढची मुंगीएवढी अक्षरं वाचली. मिलिग्रॅम प्रति मिलिमोल. आमचा हिशेब सगळा मिलिग्रॅम प्रति ग्रॅममध्ये. ८.८४ ने गुणायचं. १७४ आले. पेढे राहिले. जन्मभर दुसऱ्यांच्या बेरजा तपासणाऱ्या बाईने एकक न बघता आकडा वाचला, याची लाज मला त्या १७४ पेक्षा जास्त वाटली.

आता डॉक्टरांना एक शंका उरली होती. माझे स्नायू कमी, तर क्रिएटिनिनवरून काढलेला ६७ तरी खरा किती? त्यांनी सिस्टॅटिन सी लिहून दिली. हे छोटंसं प्रथिन शरीरातल्या जवळपास सगळ्या पेशी बनवतात, मूत्रपिंडं तेही गाळतात, पण स्नायूंशी त्याचं फारसं देणंघेणं नाही. त्यालाही खोडी आहेतच. थायरॉइड, स्टेरॉइड, धूम्रपान, लठ्ठपणा, अंगातली सूज यांनी ते हलतं. म्हणून थायरॉइड आधी तपासलं, ते ठीक होतं. सिस्टॅटिन आलं १.२, त्यावरून ईजीएफआर ५८. दोन्ही एकत्र घेणाऱ्या सूत्राने ६३. डॉक्टर म्हणाले, या ६३ वर भरवसा ठेवू. कागदावर त्यांनी 'जी२, ए२' असं लिहिलं. पहिली गाळण्याची पायरी, दुसरी गळतीची.

रात्री जागून मी काहीबाही वाचत असे. त्यातून एनजीएएल आणि किम-१ ही नावं टिपून नेली आणि या तपासण्या का नाही करत म्हणून विचारलं. ते हसले. या खुणा मुख्यतः मूत्रपिंडाला अचानक इजा होते तेव्हासाठी. आयसीयूतल्या रुग्णांसाठी अशाच दोन प्रथिनांच्या एका चाचणीला अमेरिकेच्या एफडीए या औषध नियामक संस्थेने २०१४ मध्ये परवानगी दिली. माझ्या संथ दुखण्यात सध्या त्या तपासण्यांमुळे उपचार बदलणार नव्हता. त्यापेक्षा लॅब एकच ठेवा, म्हणाले. क्रिएटिनिन मोजायच्या एका जुन्या पद्धतीचं मूळ १८८६ सालचं आहे, मॅक्स याफे यांचं. पिक्रिक आम्ल घातलं की नारिंगी रंग येतो, तो मोजायचा. ती आजही कित्येक लॅब वापरतात, तर काही एन्झाइमची पद्धत वापरतात. एकदा इथे आणि एकदा तिथे केलं, तर फरक मूत्रपिंडाचा की पद्धतीचा ते कळत नाही.

गुडघ्यासाठी मी अधूनमधून घेत असलेली पेनकिलर बंद झाली. टेल्मिसार्टन ही गोळी सुरू झाली, रक्तदाबाची पण मूत्रपिंडही जपणारी. दोन आठवड्यांनी क्रिएटिनिन आणि पोटॅशियम बघायचं ठरलं.

क्रिएटिनिन १.२ आलं, ईजीएफआर ५४. मी गोळी बंद केली. कोणालाही न विचारता, नऊ दिवस. मूत्रपिंडासाठी दिलेल्या गोळीने मूत्रपिंडच बिघडलं, एवढंच डोक्यात. यांनाही सांगितलं नाही, रोज पाकिटातली एक गोळी काढून कचऱ्यात टाकत होते.

पुढच्या भेटीत कबूल केलं. डॉक्टर चिडले नाहीत, पण बराच वेळ बोललेही नाहीत. मग त्यांनी कागदावर मूत्रपिंडातल्या बारीक रक्तवाहिन्यांची एक गुंडाळी काढली. तिच्यात रक्त आणणारी एक नळी, नेणारी एक. मधुमेहात त्या गुंडाळीतला दाब वाढलेला असतो, त्या दाबाने चाळणी फाटत जाते. ही गोळी नेणारी नळी सैल करते, दाब उतरतो, गळती कमी होते. दाब उतरला की गाळणही थोडी मंदावते, म्हणून क्रिएटिनिन जरा चढतं. पहिल्या चार आठवड्यांत तीस टक्क्यांपर्यंतची वाढ चालते, पोटॅशियम फार वाढत नसेल तर. माझी वाढ वीस टक्के होती, पोटॅशियम ४.६. "हा चढ मला अपेक्षित होता," ते म्हणाले. "तुम्हाला आधी सांगायला हवं होतं." गोळी त्याच रात्री पुन्हा सुरू केली.

याला आता सहा महिने झाले. ताजी एसीआर ९२, मिलिग्रॅम प्रति ग्रॅममध्येच, तीनदा बघितलं. क्रिएटिनिन १.१. आणि मला पंचावन्न पूर्ण झाल्यामुळे त्यावरून ईजीएफआर ५९. साठच्या खाली आहे, म्हणून तो ठळक छापलाय, शेजारी खाली तोंड केलेला बाण. रिपोर्ट यांच्या हाती आधी लागला. दुपारी ऑफिसात फोन, आवाज कापरा. मी म्हटलं, "अहो, वरची ओळ वाचा, लघवीची." तिथे एसीआर निम्म्यावर आली होती.

डॉक्टर आता एसजीएलटी२ गटातली गोळी जोडणार आहेत, मधुमेहाची पण मूत्रपिंडही जपणारी. तिनेही सुरुवातीला ईजीएफआर थोडा उतरतो म्हणे. या खेपेला मी चिठ्ठी घ्यायच्या आधीच विचारलं, किती उतरला तर तुम्हाला फोन करायचा? त्यांनी आकडा सांगितला, तो मी फायलीच्या पुठ्ठ्यावर आतून लिहून ठेवलाय.